वरच्या ओळीतली सही

…आणि माझ्या पाकिटात म्हैसूरपाकच नव्हता! हसा, हसा, पण तुम्हाला सांगते, तिथूनच सगळं सुरू झालं. आमच्या पतसंस्थेची वार्षिक सभा, सगळ्यांच्या हातात गोळीबजे, म्हणजे आमच्याकडची मैद्याची गोल भजी, आणि म्हैसूरपाक, माझ्या हातात नुसते गोळीबजे. वाटणाऱ्याला विचारलं तर म्हणतो कसा, "गोड फक्त मतदार सभासदांना. तुम्ही आता नाममात्र!" बी.कॉम. झालेली, लग्न ठरलेली मुलगी, आणि नाममात्र?

भानगड अशी, की संस्थेने नियम बदलला होता. गेल्या पाचांपैकी तीन सभांना जो हजर नाही त्याचं मत गेलं, आणि अध्यक्षाची निवडणूक तर जवळ आलेली. आता मी तीन वर्षं धारवाडला, वसतिगृहात! नियम केला आज आणि लागू केला पाच वर्षं मागे जाऊन. त्या सभांना आता कशी जाऊन बसू मी?

तेवढ्यात शेजारच्या गुलाबीअक्का आल्या. आवाज असा, की माडावरचा कावळा उडावा. "काय गं सुप्रिता, तुझंही मत गेलं? माझं तर हजर असून गेलं! पाकीट घ्यायला पहिली असायचे, हजेरीची सही राहून जायची मेली! आम्ही कोर्टात चाललोय. कर सही!" कागद पुढे केला. त्यावर ही गर्दी सह्यांची, आणि सगळ्यात वरची ओळ रिकामी. एकानेही तिथे केली नव्हती! मला वाटलं, काय ही अव्यवस्थित माणसं! रिकामी ओळ मला बघवत नाही हो… मी फक्त सही केली, ती वरच्या ओळीत!

पुढे एक दिवस पोस्टमनने हाक मारली आणि दचकून माझ्या हातातलं ताकाचं भांडं पडलं. लखोटा उघडते तर काय, 'सुप्रिता पूजारी आणि इतर, विरुद्ध…' विरुद्ध कोण? संस्थेचे अध्यक्ष, भोज पूजारी. म्हणजे कोण? माझा सख्खा मामा! (आडनावावर जाऊ नका, आमच्याकडे निम्मं गाव पूजारीच!)

आईने लखोटाच हिसकावला. "अगं, लग्न तोंडावर आलंय तुझं! मामाने कन्यादानाच्या धारेचा कलश धरल्याशिवाय लग्न लागतं का आपल्यात? आणि तू त्याच्यावरच केस घातलीस?"

"आई, मी फक्त सही केली, ती…"

"वरच्या ओळीत! कळलं!"

बरं, मामा ओरडेल तर शपथ. ओरडला असता तर निदान रडता तरी आलं असतं! तारखेला उडुपीला जायचं, तर घराण्यात गाडी एकच, मामाची. म्हणजे वादी आणि प्रतिवादी एकाच गाडीत! मी मागे अंग चोरून बसलेली, आणि मामा आरशातून बघत म्हणतो, "काच खाली करू का गं? की त्यालाही तुझी हरकत?"

कोर्टात पुकारा झाला, "सुप्रिता पूजारीऽऽ!" आणि मी अशी दचकले की शेजारच्या आजोबांच्या पायावरच उभी राहिले. लटलट कापतेय नुसती. आमचे वकील अल्बन लोबो, त्यांनी लगेच हात केला माझ्याकडे, "बघा साहेब, माझ्या अशिलावरचा अन्याय बघा! पोर उभी राहू शकत नाहीये!" साहेबांनी चष्म्यावरून पाहिलं आणि निवडणुकीला स्थगिती! बाहेर येताच गुलाबीअक्कांनी गालगुच्चा घेतला, "झकास कापलीस! पुढच्या तारखेलाही अशीच काप हं!" अहो, मी मुद्दाम कापत नव्हते! मी फक्त सही केली होती…

येताना पुन्हा तीच गाडी. मामाने वाटेत नीरडोसे खाऊ घातले, चटणी वाढली, पण लग्नाबद्दल चकार शब्द नाही. नंतर पत्रिका द्यायला गेलो तर "ठेवा तिथे" म्हणाला. बस्स. आई घरी येऊन डोळे पुसत बसली. म्हटलं, गेलं खड्ड्यात ते मत, मामा हवा! नाव मागे घेते. हे गुलाबीअक्कांना कळलं मात्र, कुंपणावरूनच, "खबरदार! तुझ्याखालची सही माझी आहे. तू गेलीस की केस माझ्या नावाने! आणि मला बीपी आहे!"

तरी सकाळपासून लोबोवकिलांना फोन लावतेय. वाजतोय, वाजतोय, कोणी उचलत नाही. परत लावला. परत. आणि एकदाचा उचलला!

"वकीलसाहेब, मी सुप्रिता, मला केस मागे घ्यायचीय, मी फक्त सही केली होती, ती वरच्या ओळीत, आणि मामा लग्नाला आला नाही तर आई…"

"केस मागे घेतेस?" हा आवाज… मामा! "अगं, लोबोसाहेब हात धुताहेत. जेवायला आलेत आपल्याकडे. आणि तू वेडी का खुळी? केस आहे तोवर स्थगिती, आणि स्थगिती आहे तोवर खुर्ची माझी! लग्नाला मी आदल्या दिवशीच हजर, कलशाची काळजी सोड. पण केस मागे घेतलीस ना, तर याद राख, मांडवात पाय ठेवणार नाही!"

आता बोला! लग्न लागावं म्हणून पोरी उपास करतात… मला मामाशी कोर्टात भांडत राहायचंय.