संगप्पाच्या अव्वाचा सवाल

…आणि वर मलाच म्हणतात, "शिवयोगी, तूच त्या संगप्पाला येडं केलास!" मी? अहो, माझं काय चुकलं, तुमीच सांगा! मुका सिनेमा, पडद्यावर अक्षरांची पाटी येणार, आणि पिटात बसलेल्यांत वाचता येतंय कुणाला? म्हणून थेटरमालकानं मला पडद्याशेजारी स्टुलावर उभा केला. पाटी आली की वाचायची! राजा आला राजाचा आवाज, राणी आली राणीचा... घसा फाटस्तवर वाचलंय मी!

तर हा संगप्पा माझा लहानपणचा दोस्त, गिरणीत कारकून, आणि पुण्याच्या एका कंपनीला सिनेमाच्या गोष्टी लिहून पाठवायचा. सात पाठवल्या, सातही पडद्यावर आल्या! पडद्यावर कंपनीच्या मालकाचं नाव, मालकाच्या मेव्हण्याचं नाव, अहो, घोड्याचंसुद्धा नाव... संगप्पाचं कुटंच न्हाय! पण त्याला त्याचं काय न्हाय. त्याचं दुखणं वेगळंच.

त्याची आई मायाक्का, कानडीत अव्वा, अंथरुणाला खिळलेली, आणि हा उशाशी बसून सातवी गोष्ट लिहालाय. भर दुपार. म्हातारी विचारती, "ऊटा आयता, संगा?" म्हणजे, जेवलास का रं? यानं मान वर न करता म्हटलं, "आयतु, आयतु." जेवलो, जेवलो! कुटलं जेवतंय, सकाळपासनं पोटात पाणी न्हाय! पान संपवून वर बघतोय तर... म्हातारी गेलेली. पोराचं खोटं ऐकून गेली हो!

मग गड्यानं आईलाच त्या गोष्टीत घातलं. शेवटच्या घटकेला आई विचारणार, जेवलास का, आणि पोरगं म्हणणार, न्हाय आई, वाढ. एवढ्या एका उत्तरासाठी सगळी गोष्ट! आणि कंपनीतल्या शहाण्यानं काय करावं? उत्तरच कापलं! अन् आईच्या तोंडी घातलं, "वत्सा, भोजन झाले काय?" वत्सा! मायाक्का जन्मात कवा वत्सा म्हणाली हुती का?

पहिल्या खेळाला संगप्पा पुढंच बसलेला. मी पाटी वाचली, लिहिली हुती तशी. खेळ सुटल्यावर माझा हात धरून म्हणतो, "शिवयोगी, ती असं बोलत नव्हती रं. एकदा तिच्यासारखं म्हण की. मला उत्तर द्यायचंय." आता दोस्त असं बोलल्यावर... माझं काय चुकलं? दुसऱ्या दिवशी पाटी आली आणि मी मायाक्काचा खोकून बसलेला आवाज काढला, "ऊटा... आयता... संगा?"

पेटीवाला थांबला. तबलजी थांबला. माझ्याच अंगावर काटा! कारण तुमाला सांगतो, तो आवाज मी काढला खरा, पण माझा नव्हता... आणि पिटातल्या बायका, निम्मं थेटर कानडी की, पदर डोळ्याला लावून एका सुरात म्हणाल्या, "आयतु, अव्वा!"

संगप्पा बाकावर उभा! "खोटं! तिला खोटं सांगू नका! इल्ला, अव्वा, इल्ला! जेवलो न्हाय मी!" पडद्यावरची आई डोळे मिटालीय आणि हा टाहो फोडतोय! पण ऐकणार कोण? पाटी कवाच गेलेली. चौघांनी उचलून त्याला बाहेर नेला, आणि थेटरमालकानं मला त्याच्यामागनं कामावरनं काढला.

पुढं बोलपट आले, पडदाच बोलायला लागला, सगळेच वाचणारे घरी बसले. संगप्पानं परत एक ओळ लिहिली न्हाय. पण रोज दुपारी गिरणीचा भोंगा झाला की माझं दार वाजतंय. उंबऱ्यावर बसून म्हणतो, "म्हण की." मी ठरवतो, आज न्हाय म्हणायचं. पण तोंड उघडलं की मायाक्काच बोलती हो! "ऊटा आयता, संगा?"

आणि तो मान खाली घालून, लहान पोरागत, "इल्ला, अव्वा."

आता हे ऐकून कुणाला उपाशी पाठवता येतंय का? माझं काय चुकलं? पण आमची बायको नीलम्मा चुलीपुढनं म्हणती, "म्हातारी येती तुमच्या अंगात, आणि भाकरी थापायच्या मी!"