जगूदादाचं कोपर

मंडळी, ऐका. सुरुवातीलाच एक प्रश्न विचारतो. माणसाची ताकद कशात आहे? धरून ठेवण्यात, की सोडण्यात?

धरण्यात म्हणता? बरोबर. मलाही तसंच वाटायचं. पण मालवणच्या वरच्या अंगाला, किनाऱ्यावरच्या एका गावात जगन्नाथ मेतर नावाचा माणूस आहे, त्याची गोष्ट ऐका, मग उत्तर द्या.

गाव त्याला जगूदादा म्हणतं. त्या गावात अजून रापण लागते. रापण म्हणजे काय? होडीतून मोठं जाळं समुद्रात गोलाकार टाकायचं, त्याचे दोन दोर किनाऱ्यावर आणायचे, आणि दोन्हीकडून गावानं मिळून ते ओढायचे. एका दोरावर सगळ्यात पुढे कोण? जगूदादा. वीस वर्षं तोच. त्याचा धाकटा भाऊ बाबल, कायम त्याच्या पाठीमागे. बाबलनं म्हणावं, "दादा, आज मी फुडे रवतंय." दादानं म्हणावं, "तुका जमाचा नाय." झालं! विषय संपला.

आणि एक दिवस शेवाळलेल्या खडकावर जगूदादाचा पाय सरकला. उजव्या हातावर पडला. कोपराचं हाड मोडलं. डॉक्टरांनी नीट बसवलं, प्लास्टर घातलं. पुढे प्लास्टर निघालं, फोटो काढला, हाड छान जुळलेलं. पण हात? कोपरात अर्धा वाकलेला, तसाच. सरळ होईना. आणि दंड केवढासा झालेला! जगूदादा आपल्याच हाताकडे परक्यासारखा बघत राहिला.

आता असा माणूस काय करेल? जोर करेल! पाण्यानं भरलेली बादली त्या हातात लोंबकळत ठेवून अंगणात उभा राहायचा. घाम फुटेपर्यंत. बायको सुलोचना ओरडली, "आवो, काय करतास ह्या? हाताक सूज इली मरे!"

"सुलू, गप रव. हात म्हणजे दोर. वडलो की येतलो."

आला का? नाही आला. सूज वाढली, हात आणखी आखडला. तिकडे रापणीवर दोराच्या पुढे बाबल उभा राहू लागला. ओढताना लोकांची साद घरापर्यंत यायची. जगूदादा खिडकी लावून घ्यायचा. भावाशी बोलेना, त्याच्याबरोबर जेवेना. बाबल रोज मासळीतला वाटा आणून ओट्यावर ठेवी आणि मुकाट्यानं निघून जाई.

शेवटी सुलोचनानं त्याला तालुक्याच्या दवाखान्यात नेलं. तिथं व्यायाम शिकवणाऱ्या बाई होत्या, तेजल परुळेकर. वयानं त्याच्या मुलीएवढ्या. त्यांनी हात तपासला, बादलीची हकीकत ऐकली आणि म्हणाल्या, "काका, बादली आजपासून बंद. सुजलेल्या सांध्यावर जबरदस्ती केली की तो जास्तच आखडतो."

"मग हात सरळ कसो व्हतलो, बाय?"

"तुमच्या दंडात पुढे एक स्नायू आहे आणि मागे एक. स्नायूला फक्त ओढता येतं. ढकलता येतच नाही."

मंडळी, तुम्हीही करून बघा. लाजू नका. कोपर वाकवा. दंडावर बेटकुळी आली? काकू, तुमची तर पैलवानासारखी आली! आता हात सरळ ताठ करा आणि दंडाची मागची बाजू चाचपा. तिथं घट्ट लागतंय ना? बेटकुळी ओढते, तेव्हा कोपर मिटतं. मागचा ओढतो, तेव्हा उघडतं. तुम्ही दार ढकलता ना, तेव्हाही दंडात ढकलणारा कोणी नसतोच. मागचा स्नायू ओढतो, कोपर उघडतं, हात पुढे जातो, दार उघडतं.

काय रचना आहे! मेंदूकडून नसेवाटे निरोप येतो. स्नायूतले बारीक धागे एकमेकांत सरकतात, स्नायू आखूड होतो, आणि तो ज्या चिवट पांढऱ्या दोरीनं हाडाला बांधलाय ती दोरी हाडाला खेचते. पण एवढ्यानं भागत नाही. त्याच वेळी समोरच्या स्नायूला दुसरा निरोप जातो: तू आता सैल हो. दोघंही एकदम ओढू लागले, तर हात जागच्या जागी अडकतो.

तेजलबाई म्हणाल्या, "काका, दुखेल या भीतीनं तुमचा पुढचा स्नायू सैलच होत नाही. मागचा बिचारा वापराविना वाळलाय. त्याला ओढायला जागाच मिळत नाही."

जगूदादानं आपल्या वाकलेल्या कोपराकडे पाहिलं. मग हळूच म्हणाला, "बाय, माका सोडूक जमणा नाय."

"शिकू या की."

त्यांनी त्याच्या मनगटावर तळवा ठेवला. "माझा हात वर ढकलायचा प्रयत्न करा. हळू. हं, आता सगळा जोर सोडा. श्वास सोडा. आता स्वतःच हात उघडा, दुखायला लागेल तिथं थांबा." किती उघडला? तांदळाच्या दाण्याएवढा! पण स्वतःचा स्वतः उघडला. जगूदादाच्या डोळ्यांत पाणी आलं.

मग रोज तेच. घरी सुलोचना मनगट धरायची. आधी सूज उतरली, मग हात थोडा थोडा उघडू लागला. पुढे बाईंनी हलकं वजन दिलं, कारण स्नायूला काम दिलं की तो भरतो, बसवून ठेवला की वाळतो. दंड पुन्हा गोल दिसू लागला. हात अगदी पहिल्यासारखा सरळ झाला नाही, किंचित वाक राहिला. पण कामाचा झाला.

आणि एका सकाळी जगूदादा किनाऱ्यावर गेला. रापण लागलेली. त्याला बघून बाबलनं दोर सोडला, बाजूला झाला. "दादा, फुडे ये. ही तुजी जागा."

सगळा गाव बघतोय. जगूदादा पुढे आला. भावाच्या खांद्यावर हात ठेवला. "नको. तूच फुडे रव. तू बरो वडतस. मी पाठी आसंय."

आणि दोराच्या शेपटाला, पोरीबाळींच्या मागे जाऊन त्यानं दोर धरला. त्या रात्री दोघं भाऊ एका पंगतीला जेवले. सुलोचनानं बांगड्याचं तिखलं केलं होतं. बाबल म्हणे चार वेळा भात मागत होता.

आता तुमच्याकडे वळतो. सासूबाई, सूनबाई चूल चालवू लागली तरी तुमची बेटकुळी फुगलेलीच ना? काका, मुलगा दुकानात बसतो, पण गल्ल्याशेजारची खुर्ची सुटते का? अहो, तुम्ही आखडून बसलात, तर त्यानं ओढायचं कसं? तो वाळेल, आणि घर अर्धवट वाकलेलं राहील.

आणि तरुण मंडळी, तुम्ही हसू नका. सैल होणं म्हणजे निघून जाणं नव्हे. सैल पडलेला स्नायूसुद्धा हाडाला बांधलेलाच असतो. आपली पाळी येईपर्यंत तिथंच राहतो. देवानं दंडात लिहून ठेवलंय, तेवढं घरी घेऊन जा: सैल व्हा, पण सुटू नका.