पुसायच्या आधी

वहिनी: अहो, मी एकेक करून सगळं डिलीट केलंय. वर तो कचऱ्याचा डबाही रिकामा केला. मग अजून काय पुसायचं राहिलं?

भाऊजी: वहिनी, तुम्ही दारावरची पाटी काढलीत. माणसं घरातच आहेत. हे बघा, साधा प्रोग्राम चालवला आणि सगळ्या फाइली परत आल्या.

वहिनी: सगळ्या?

भाऊजी: दवाखान्यात दादासमोर बसून ज्या ज्या पेशंटने मन मोकळं केलं, ते सगळं रेकॉर्डिंग. कुणालाही ऐकता येईल.

वहिनी: अगं बाई. आणि मी हा कॉम्प्युटर तसाच वाचनालयाला देणार होते. दवाखाना बंद केलात की रेकॉर्डिंग ठेवू नका, एवढं एकच हे शेवटच्या आजारपणात बजावत होते.

भाऊजी: देऊ की, पण आधी डिस्कच्या कानाकोपऱ्यात शून्यं भरायची. जुन्यावर नवं गिरवायचं. मग खुद्द दादा आला तरी हाती काही लागणार नाही.

वहिनी: करा सुरू. मी चहा टाकते.

(थोड्या वेळाने वहिनी चहा घेऊन येतात. पडद्यावर फाइली तशाच आहेत.)

वहिनी: हे काय, अजून नाही केलंत?

भाऊजी: आमची छकुली दादाकडे बोलायला यायची, तुम्हाला ठाऊक होतं?

वहिनी: होतं. दारात चपला दिसायच्या.

भाऊजी: मला आत्ता कळतंय. तिच्या नावाने फाइली आहेत. घर सोडून गेली त्याच्या आधीच्या.

वहिनी: उघडल्यात?

भाऊजी: नाही. बोट ठेवून बसलोय. ती का गेली, हे मला कुणी धड सांगितलंच नाही. तिची आई म्हणते, तुम्हाला कसं कळत नाही. दादाला विचारलं, तर त्याने विषय बदलला. सख्खा भाऊ, आणि सगळं माहीत असून गप्प बसला.

वहिनी: गप्प बसतात म्हणूनच ती यांच्याकडे आली ना?

भाऊजी: एकच ऐकतो. मग माझ्याच हाताने पुसतो. कुणाला कळणार आहे?

वहिनी: तिला कळेल. उद्या समोर आली की तुम्ही तिच्याकडे वेगळंच बघाल. पोरींना बापाची नजर कळते.

भाऊजी: समोर येतेय कुठे? फोनसुद्धा उचलला नाही.

वहिनी: कधी केला होतात?

भाऊजी: गेली त्याच आठवड्यात.

वहिनी: आणि नंतर?

भाऊजी: नंतर म्हटलं, गरज असेल तर ती करेल.

वहिनी: तीही तिकडे हेच म्हणत बसली असेल. खाण तशी माती.

भाऊजी: मी तिच्यावर कधी हात उगारला नाही, वहिनी. शिक्षणात काही कमी पडू दिलं नाही. मग परक्यासारखं इथे येऊन बोलावं असं काय होतं?

वहिनी: खरंच ठाऊक नाही. यांनी सांगितलं नाही, मी विचारलं नाही. एकदा मात्र जाताना ती माझ्यापाशी थांबली. म्हणाली, काकू, मी येते हे बाबांना सांगू नका, त्यांना वाईट वाटेल.

भाऊजी: रागावतील म्हणाली असेल.

वहिनी: नाही. वाईट वाटेल म्हणाली.

भाऊजी: हं.

वहिनी: चहा निवतोय.

भाऊजी: वहिनी, यात दादाचाही आवाज आहे. तुमच्याकडे दुसरीकडे कुठे आहे का?

वहिनी: नाही. आम्ही आपले फोटो काढत राहिलो. आवाज साठवायचं कुणाच्या मनात येतं?

भाऊजी: मग तेवढा वेगळा काढून देऊ?

वहिनी: काढायचा तर लोकांचं ऐकावं लागेल. आणि तिथे हे त्यांच्याशी बोलताहेत, माझ्याशी नाही. राहू दे. दाबा तुम्ही.

भाऊजी: नक्की का म्हणून विचारतोय हा.

वहिनी: हो म्हणा.

भाऊजी: झालं सुरू. आता संध्याकाळपर्यंत मला इथेच बसावं लागणार.

वहिनी: बसा की. तोवर लावा तिला फोन.

भाऊजी: उचललाच, तर काय विचारू?

वहिनी: काही विचारू नका. काकूकडे बसलोय म्हणा.

भाऊजी: रिंग जातेय... हॅलो. अगं, मी. काकूकडे बसलोय. ...नाही गं, काही झालेलं नाही. ...हो, वेळ आहे मला.