इनासने उघडलेली कबर

फादर, इनासच्या घरची माणसं, निर्मळहून आलेले शेजारी, आणि मागे भिंतीला टेकलेली नव्या बिल्डिंगमधली मंडळी. बसा. खुर्च्या आहेत पुढे. उभं राहून मेलेल्याला जास्त मान मिळतो असं काही नाही.

मला बोलायला सांगितलंय. बोलायचा कंटाळा मला कधीच नव्हता, तुम्ही सगळ्यांनी ते सोसलंय. आज मात्र तोंड जड आहे. थकले मी. मयतीला जाऊन जाऊन थकले. मला अक्षर येत नाही, म्हणून काल नातीला सांगून सगळं लिहून ठेवलं. चुकले की ती खूण करणार आहे. केलीच बघा. थांब गं बाई, अजून सुरुवात आहे.

इनास आपल्या चर्चचा कबर खणणारा. जन्मभर तेच केलं. दफनभूमीच्या कडेने झेंडू लावायचा, म्हणजे माळीही तोच. परवा त्याला पुरलं तेव्हा कबर दुसऱ्याने खणली होती. एक बाजू वाकडी होती. मी बघितली. इनास असता तर त्याने खणणाऱ्याला परत आत उतरवलं असतं.

मी इनासला एक शब्द दिला होता. परवा त्याच्या कबरीवर तो पुरा करायचा होता. मला जमला नाही. म्हणून आज उभी आहे. नाहीतर या गुडघ्यांनी मला कोण उभं करतंय?

काय शब्द, ते सांगते. नव्या मंडळींना ठाऊक नसेल. आपल्या दफनभूमीत जागा थोडी, मरणारे फार. म्हणून काही वर्षांनी जुनी कबर उघडतात. हाडं धुऊन भिंतीतल्या कोनाड्यात ठेवतात. जागा पुढच्याला. कोणाच्या कबरी उघडणार त्याचा कागद चर्चच्या दारात लागतो, घरच्यांनी यावं म्हणून. आमच्या मालकांचं, बस्त्यावचं, नाव त्या कागदावर होतं. दर रविवारी मी त्याच कागदासमोर उभी राहून दम खायची. एकदा त्याची टाचणी निघाली होती, ती मीच परत टोचली. त्यांच्या नावातच टोचली असेल, काय माहीत.

मग एका सकाळी फुलं घेऊन गेले, तर कबर उघडी. आत कोणी नाही. क्रूस उपटून भिंतीला लावलेला. आणि इनास घमेल्यात हाडं धूत बसलेला.

मी ओरडले, "माझा माणूस कुठे नेलास रे?"

तो म्हणाला, "वहिनी, जिवंतपणी तरी तुम्हाला ठाऊक असायचं का, तो कुठे गेलाय ते?"

हसू नका. हसा, हसा. खरंच होतं ते. पण मी त्या घमेल्यात बघितलं. बस्त्याव, ज्यांना दारातून आत यायला वाकावं लागायचं, ते एवढेसे. त्या दिवसापासून मिस्साच्या प्रार्थनेत आपण सगळे मिळून 'मी विश्वास ठेवतो' म्हणतो ना, त्यातली ती एक ओळ मी सोडली. देह पुन्हा उठेल, ती. सगळं म्हणायचे. तिथे आलं की तोंड मिटायचे. कोणाला कळलं नाही. फादर, तुम्हालाही नाही. तुम्ही मोबाईल बघता असं मी म्हणत नाही.

इनासला कळलं. माझ्या मागच्या बाकावर बसायचा. एका शुभ शुक्रवारी क्रुसाच्या वाटेची प्रार्थना संपल्यावर म्हणाला, "वहिनी, शेवटाकडे अडखळता तुम्ही."

मी म्हटलं, "तू इतक्या कबरी उघडल्यास. एक तरी रिकामी मिळाली का रे?"

"एकही नाही."

"मग?"

तो हाताची माती झाडत बसला. मग म्हणाला, "पहिल्यांदा येशूची रिकामी कबर बघितली त्या बाया तरी कुठे खूश झाल्या? घाबरल्या. मरियेला वाटलं, कोणी उचलून नेला. तिनेसुद्धा माळ्यालाच विचारलं, कुठे ठेवलास म्हणून. तुम्ही मला विचारलंत तसंच. रिकामी कबर बघून आधी रडूच येतं, वहिनी."

मी म्हटलं, "तिला माळी देव निघाला. मला तू निघालास."

तो हसला. मग म्हणाला, "आणि उठला तरी खिळ्यांच्या खुणा तशाच राहिल्या त्याच्या हाताला. पुसून नाही टाकल्या. क्रूस झालाच नाही असं त्याने दाखवलं नाही. म्हणून मला पटतं. सगळं गुळगुळीत होऊन आला असता तर मला नसतं पटलं."

"मग माझी कंबरही अशीच उठणार का?"

"कंबर राहू दे. जीभ मात्र देवाने नवीन द्यावी."

असा होता. शेवटच्या आजारात भेटायला गेले, तर खाटेवरून म्हणाला, "माझ्या कबरीवर ती ओळ तुम्ही म्हणा. बाकीचे म्हणतील, त्यांचं काय, ते रोज म्हणतात. तुम्ही म्हटलीत तर मला कळेल." मी हो म्हटलं. मरणाऱ्याला नाही कसं म्हणायचं?

परवा माती टाकली. सगळ्यांनी म्हटलं. मी तोंड उघडलं आणि मला ते घमेलं दिसलं. मिटलं.

कोणी म्हणेल, एवढं काय त्यात, एक ओळ. मला लिहिता-वाचता येत नाही, बाबांनो. माझ्याकडे जे आहे ते तोंडातच आहे. तोंडातून खोटं काढलं तर माझ्याकडे काय राहिलं? इनासला खोटं नको होतं. खोटं हवं असतं तर मागच्या बाकावर गप्प बसला असता.

आता उभे राहा. एक मिनिट शांत राहू. पोरांनो, फोन बंद. कोणी माझ्याकडे वळून बघू नका.

इनास, ऐक. देह पुन्हा उठेल.

एवढंच आलं बघ. त्याच्या आधीचं, मी विश्वास ठेवते, ते अजून घशात आहे. तेवढं तू तिकडून ओढ.