शिपायाची दोन घरं

कबरींचं काढलंत म्हणून सांगतो. बाहेरच्या कंपन्या नुकत्या यायला लागल्या होत्या, तेव्हा आमच्या आबिड्सच्या ऑफिसात एक इंग्लिश बाई कामाला आली. तिच्या आजोबांचा भाऊ इथल्या छावणीत गोरा शिपाई होता आणि तरुणपणीच तापानं गेला, असं तिच्या घरी सांगत. आम्ही त्याची कबर शोधायला गेलो, तर पाद्रींनी आम्हाला त्याच्या नातीकडे, डेझीबाईंकडे नेलं. तो इथल्याच मुलीशी लग्न करून राहिला होता आणि नातवंडं बघून गेला होता.

डेझीबाई म्हणाल्या, “दादा बोलते थे, विलायत में मेरे लोगां सब मर गये.”

मी ते इंग्रजीत सांगितलं. बाई हळूच म्हणाली, “त्याची आई जन्मभर त्याच्यासाठी रडली.”

तेही मी सांगितलं. डेझीबाई म्हणाल्या, “इनको पूछो, उस माँ का नाम क्या था. हमारे को किसी ने बताया नै.”