बॅनरपुरता चेहरा

(घणसोली. टॉवरच्या दहाव्या मजल्यावर ऋताचा फ्लॅट. टेबलावर लॅपटॉप, समोर गावठाणातल्या सुंदराबाई.)

सुंदराबाई : नव दिवस आमच्या घरान कॅमेरा लावून बसलीस ना? मंग त्याच्यान आमचे हे नाय, असा कसा व्हईल?

ऋता : काका आहेत हो मावशी. पण पूर्ण असे नाहीयेत. घरी एकही फोटो नाही?

सुंदराबाई : आधार कार्डाचा हाय. त्याच्यान पोलिसांनी धरून आनल्यासारखे दिसतान.

ऋता : आणि भावेशच्या मोबाईलमध्ये?

सुंदराबाई : माज्या पोराच्या मोबाईलान सगले शर्यतीचे बैल. बैलाचा चारी बाजूंनी फोटो हाय, बापाचा एक नाय. मंगलवारी ह्यांचा वर्सश्राद्ध, नाक्यावर बॅनर लागनार. बॅनरवाला बोलतंय, तोंड समोरून पायजे.

ऋता : बघू. हा पहिला दिवस. तुम्ही कोळंबी सोलताय.

सुंदराबाई : मी हाय. हे कुठं हायेत?

ऋता : तो उजवीकडे कोपर दिसतोय ना...

सुंदराबाई : हां, ह्यांचाच. पुढं?

ऋता : पुढे मी म्हणते, 'काका, जरा बाजूला व्हा.' मग कोपर जातो.

सुंदराबाई : दुसरा लाव.

ऋता : इथे पाठ आहे. इथे अर्धा खांदा. आणि इथे ते दाराआडून विचारतायत, 'चा ठेवू का?' आवाज मात्र स्वच्छ आलाय.

सुंदराबाई : आवाजाचा बॅनर व्हते?

ऋता : नाही.

सुंदराबाई : तुजी फिलिम कशावर हाय गो?

ऋता : घणसोलीतलं रोजचं जगणं. गावातली माणसं, त्यांची ओळख, असं.

सुंदराबाई : बरा.

ऋता : मावशी, मला वाटलं गोष्ट तुमची आहे. ते मध्येमध्ये येतायत, एवढंच मला दिसत होतं. चुकलंच माझं.

सुंदराबाई : रोज सकाली इस्त्रीचा शर्ट घालून बसाचे. मी बोल्ले, कुठं चाल्लाव? बोल्ले, कुठं नाय, आज ती मना बोलवील.

ऋता : मग मला सांगायचं ना!

सुंदराबाई : बोल्ले, सांगू नको, पोरगी कामान हाय.

ऋता : (लॅपटॉपवरून हात काढून डोळे पुसते.)

सुंदराबाई : रडाचा नंतर. पयला शोध.

ऋता : थांबा. नववा दिवस. वाया गेलेल्या क्लिपांत... हे बघा. समोरून आहेत. पूर्ण.

सुंदराबाई : हेच तर पायजे व्हता! हा वाया कसा गेला?

ऋता : थेट कॅमेऱ्यात बघतायत ना. ऐका, मी ओरडतेय. 'काका, इकडे बघू नका!' दोनदा सांगितलं. तरी बघतच राहिले.

सुंदराबाई : बरा झाला, ऐकला नाय. हाच दे.