वफाची खरेदी

—न्हाई न्हाई मास्तर, उंबऱ्यात उभं ऱ्हाऊ नका, आत या. घर बघायला आलात ना? मग बघा की, त्यात लाजायचं काय. दलालानं दाखवलेलं येगळं आन घरातल्या मानसानं दाखवलेलं येगळं, मीच दाखवते. अलीमशेठनी पाठवलं, व्हय? ते मी तवाच वळखलं — तुमी आधी वर पत्र्याकडं बघितलंत आन मग माज्याकडं. पाव्हना आधी मानसाकडं बघतो, घर घेनारा आधी छपराकडं. बसा. खाट मजबूत हाय. गादी आमच्या यांच्या हातची — रज्जाक पिंजारी, झेंडीगेटात कुनालाबी इचारा — दोन सालं झाली त्यांना जाऊन, पन गादीत अजून खड्डा न्हाई पडला. तुमी संगमनेरचे म्हनलात, मिशनच्या शाळेत बदलून आलात, कृपादान मास्तर — बराबर? मी शमशाद. अलीमशेठनी काय सांगितलं माझ्याबद्दल? जुनी भाडेकरीन हाय, रांडमुंड बाई हाय, महिन्याभरात उठंल — असंच ना? मान खाली घालू नका, तुमी थोडंच म्हनलात. पन मी कोन ते सांगितलं का? न्हाई सांगितलं. अवो मास्तर, मी त्यांची सख्खी धाकटी बहीन हाय. एका आईच्या पोटचे आमी दोघं.

पानी घ्या. घोट घ्या, मग बोला. न्हाई तर नका बोलू, मी बोलते.

ही फरशी बघा — शहाबादी हाय. आमी घातली. आधी शेनानं सारवलेली भुई हुती. वर मातीचं धाबं हुतं, मिरगात ठिकठिकानी भांडी मांडून बसायचो, ते पाडून पत्रे घातले, ते बी लढाईच्या दिवसांत, पत्रा डोळ्याला दिसत नव्हता तवा — कॅम्पातल्या एका सायबाच्या गाद्या फुकट पिंजून दिल्या यांनी, तवा कुठं मिळाले. मोरी आमी बांधली. नळ आमी घेतला. घरपट्टी आजपतुर मी भरते. अशी भाडेकरीन कुठं बघितलीय का, मालकाच्या घराला फरशी घालनारी? संगमनेरात बघितली? न्हाई ना. मग नीट बघून घ्या, ही तुमच्या म्होरं बसलीय.

आता तुमी इचारनार, असं कसं झालं. न्हाई इचारनार? मी सांगते तरीबी. लढाई सुरू झाली तसा आपला कॅम्प मानसांनी फुगला, पलटनी येऊन पडल्या, आन पलटनीला झोपायला गाद्या लागत्यात. यांना काम मिळालं — हजारानं गाद्या. पन कापूस आनायचा कशानं? पेठेतला सावकार द्यायला तयार हुता, व्याजानं. हे न्हाई म्हनले. आमच्यात सूद घेनं बी हराम आन देनं बी हराम, मास्तर — लई जन देत्यात, घेत्यात, पन हे न्हाई म्हनले म्हंजे न्हाई. चार दिवस नुसते बसून. मग मीच म्हनले, अवो, माझा भाई हाय की. सागवानाची वखार हाय त्याची, पैशाला कमी न्हाई, आन तो काय परका हाय? गेलो दोघं. त्यानं आमच्या तोंडातून शब्द बाहेर पडू दिला न्हाई. म्हनला, किती पायजे ते घेऊन जावा. व्याजाचं नाव यांनी काढलं तर कानाला हात लावला त्यानं — बहिनीकडून सूद खाऊन मला दोजखात जायचंय का? म्हनला, घर तेवडं माझ्या नावानं लिहून ठिवा, जगाला दाखवायला, आन एक भाडेचिठ्ठी लिहून द्या. तुमी आपल्याच घरात ऱ्हावा, महिन्याला भाडं म्हनून द्यायचं. सूद हराम हाय, भाडं हलाल हाय. आमी घरी आलो ते हरखून. यांनी त्या रात्री चार भाकरी खाल्ल्या.

कचेरीत कागद झाला. तो लिहिनारा चष्मा वर करून म्हनला, मुदतखरेदी लिहू ना? मी बुरख्यातनं म्हनले, खरेदी कशाला, आमी तर गहान टाकतोय. तर अलीमभाई हसला. म्हनला, अगं येडे, नावाला खरेदी. पाच सालात पैसं परत आनून दे, घर तुझं तुला. आपल्यात याला बैबिलवफा म्हनत्यात — वफाची खरेदी. आता वफा म्हंजे काय, ते मी तुला सांगू का? मास्तर, मला तो शबद इतका आवडला. वफा म्हंजे — तुमच्यात काय म्हनत्यात — इमान, दिल्या शब्दाला जागनं. टांग्यात बसून घरी येईपतुर मी तो मनात घोळवत हुते. खरेदी हा शबद मी ऐकलाच न्हाई. वफाच ऐकली.

मग दर महिन्याला भाडं. मी स्वता नेऊन द्यायची. भावजय चहा करायची, पोरं अंगाला बिलगायची, आन मी मनात म्हनायची, चला, एवडं फिटलं. व्हय, मला वाटायचं ते फिटतंय. कुनाला इचारलं न्हाई. कशाला इचारू? भाईला असं कुनी इचारतं का, की माझं किती ऱ्हायलं म्हनून?

आन पैसं नव्हते असं न्हाई हां. ते समजू नका. कॅम्पाचं काम चाललं, चांगलं चाललं. पाच सालं भरायच्या आतच यांनी सगळी रक्कम उभी केली. ईद हुती. ईदीला मी माहेरी जातेच, तशी गेले, पैसं पदरात बांधून. म्हनले, भाईजान, हे घ्या आन कागद द्या. त्यानं काय केलं सांगू? माझा हात धरून मागं सारला. म्हनला, "ईदीला आलीस का हिशोबाला आलीस? आजच्या दिवशी बहिनीकडून पैसं घेतले तर अब्बा कबरीत कूस बदलतील." भावजयीनं शिरखुर्म्याचा पेला हातात दिला. मला रडू आलं, मास्तर, आनंदानं. तो म्हनला, घाई काय हाय, धंद्यात घाला, वाढवा, मी कुठं पळून चाललोय. मी पैसं पदरात बांधून परत आले, आन यांनी आनखी कापूस घेतला. पुन्हा एकदा हे स्वता गेले, तवा बी तेच — बसा, जेवा, पैशाचं काय एवडं. आन तवर लढाई थांबली. पलटनी गेल्या. गाद्या पडून ऱ्हायल्या, कापूस पडून ऱ्हायला, आन यांच्या छातीत जो काय कापूस इतकी सालं बसला हुता तो वर यायला लागला. खोकून खोकून गेले. अलीमभाईनं मयताला खांदा दिला, ते बी सांगते, खोटं कशाला बोलू. चाळिसाव्याला जेवनाची देग चढवली. आन त्यानंतर नोटीस आली.

टपालानं आली. शेजारच्या पोरीनं वाचून दाखवली, तिला वाटलं तीच चुकीचं वाचतीय, पुन्हा वाचली. मुदत कवाच संपली, खरेदी पक्की झाली, घर अलीमशेठचं, भाडेकरनीनं खाली करावं. मी म्हनले, हे कुनी तरी दुसऱ्यानं लिहिलंय. गेले तशीच वखारीत. तो लाकडं मोजत हुता. मोजतच ऱ्हायला. मी इचारलं, भाईजान, ही काय मस्करी हाय? तर वर न बघता म्हनला, कागद झालाय तसं हुनार, शमशाद, पोरींची लग्नं काढायचीत मला. बास. एवडंच. त्यानंतर त्या वखारीत मी पाय ठिवला न्हाई आन त्यानं हितं. त्याच्या थोरल्या पोरीचं लग्न झालं ते मला बँडवरनं कळलं. हितनंच गेली वरात, या खिडकीखालनं. मी दिवा मालवून बसले — लोकांनी बघू नये म्हनून. केसानं गळा कापला म्हनत्यात ना, तसा कापला, रक्त बी न्हाई आलं.

वकील केला. बामन वकील हाय, चांगला मानूस, पैसं बी कमी घेतो. त्यानं कागद वाचला आन मला म्हनला, बाई, भाड्यानं मुद्दल कधी फिटतं का? शंभर वर्षं भाडं दिलं असतंत तरी मुद्दल जागच्या जागी. म्हनला, तुमी दिलेल्या भाड्यात असं आनखी एक घर आलं असतं. मग तो म्हनला, सावकाराकडनं व्याजानं काढले असते तरी बाई एवडं गेलं नसतं, निदान तो पैसं आनल्यावर घ्यायला न्हाई म्हनला नसता. हे मला लागलं. हरामाला भिऊन आमी हलालाच्या दारात गेलो आन तिथं लुटलो. आन आनखी एक त्याला ठाऊक न्हाई, तुमाला सांगते. अब्बा गेले तवा आमच्या शरियतीत माझा बी हिस्सा निघत हुता, त्या वखारीत. मी सोडला. सगळ्या बहिनी सोडत्यात — हिस्सा घेतला की माहेर तुटतं म्हनून. म्हंजे बघा, माझ्याच बापाचा पैसा, माझ्याच हिश्शाचा, त्यानं मलाच उसना दिला आन त्यात माझं घर घेतलं. आन माहेर? ते बी न्हाई ऱ्हायलं. आता एकटी बसले म्हंजे मी हे इचारते, त्या कापसाची किंमत झाली तरी किती. रुपयांत न्हाई कळत ती.

न्हाई, तुमी बसा, घराचंच सांगते. वकील म्हनला, मालकीन म्हनून भांडाल तर धा सालं कोर्टात जातील आन हाती काय लागनार न्हाई, कागद पक्का हाय. पन आता नवा कायदा आलाय भाड्याच्या घरांचा. भाडं येळेवर दिलं तर भाडेकरूला असं कुनी उठवू शकत न्हाई, मालक बी न्हाई आन त्याच्याकडनं घेनारा बी न्हाई. म्हनला, फक्त कोर्टात उभं राहून एवडंच बोलायचं — हे घर अलीमशेठचं, मी त्याची भाडेकरीन. मी उठून आले तिथनं. माझ्या तोंडानं? ज्या भुईला मी हातानं फरशी लावली ती माझी न्हाई म्हनू? घर खाली करायचा दावा लावलाय भाईनं, उद्या तारीख हाय. वकील चारदा निरोप धाडतोय, बाई, काय ठरलं. काय न्हाई ठरलं. माझी जीभ उचलत न्हाई.

पन तुमी मला एक सांगा, त्याला विकायची घाई कसली एवडी? पोरींची लग्नं झाली. वखार बरी चालतीय. …काय? हजला? अलीमभाई हजला चाललाय? मुंबईहून जहाज, व्हय, व्हय. …अल्ला. मला ठाऊकच न्हाई. कोन सांगनार मला. अब्बांची लई इच्छा हुती, त्यांचं न्हाई झालं. …न्हाई, काय न्हाई, डोळ्यात गेलं काय तरी. खोलीत अजून कापूस उडतो.

मास्तर, तुमाला आमच्यातलं ठाऊक नसंल. हजला निघायच्या आधी मानूस सगळ्या नात्यागोत्याच्या दारात जातो, हात जोडून म्हनतो, कहा-सुना माफ — काय बोललो असंल, काय ऐकवलं असंल, ते माफ करा. कुनाचं मन दुखवून गेलं तर ती हज काय कामाची. लहानाच्या बी पायाशी वाकावं लागतं. आन सख्ख्या बहिनीचं दार तर पयलं. म्हंजे — म्हंजे तो येनार. यावंच लागंल त्याला. …मी काय करीन म्हनता? मी तुमाला खरं सांगते, कुनाला बोलू नका, वकिलाला तर न्हाईच. तो या उंबऱ्यात आला ना, नुसता शमशाद म्हनला ना, तर मी कोर्टात जानार न्हाई. घराची चावी त्याच्या हातात देईन, ट्रंक उचलीन आन पिंजारवाड्यात खोली बघीन. घ्या तुमी घर. खुशाल ऱ्हावा. तुमची बायको, लिडिया म्हनलात ना, आन पोरं — फरशी गार हाय, उन्हाळ्यात चांगली झोप लागती. मला नकोच हाय हे. मला तो फक्त दारात यायला पायजे. आपलेच दात, आपलेच ओठ, किती दिवस चावायचं? घरात शेवया हाईत, खजूर आनीन—

काय म्हनलात?

पुन्हा सांगा. …निरोप? तुमच्यापाशी? …काय म्हनला तो, शबद सांगा, बराबर त्याचे शबद. …'घर बघायला चाललाच हात, तर तिथल्या बाईला सांगा, अलीमशेठनं कहा-सुना माफ म्हनलंय.' …तिथल्या बाईला. असंच म्हनला? …व्हय. व्हय, तुमी कशाला खोटं बोलाल.

न्हाई, तुमचा काय दोष. तुमी निरोप आनलात. बरा आनलात. उठा आता. न्हाई, मागची खोली न्हाई दाखवत, तुमाला लागनार न्हाई ती. निरोप आनला तसा एक घेऊन जावा, शबद न शबद ध्यानात ठिवा, तुमी मास्तर हात. सांगा, घर अलीमशेठचं हाय. आत ऱ्हाते ती भाडेकरीन हाय, उद्या कोर्टात बी ती हेच सांगनार हाय, आन ती उठनार न्हाई. भाडं पयल्या तारखेला मिळंल, पावती धाडून द्यावी. आन माफीचं म्हनाल तर — ती बहिनीपाशी मागायची असती. त्यांची बहीन हितं ऱ्हात न्हाई.

जावा मास्तर. दार ओढून घ्या.